कोल्ड स्टार्ट

उष्णता या विषयावर दीपनगरात कुणापुढे तोंड उघडू नये. भुसावळहून मुक्ताईनगरच्या रस्त्याला लागलं की थोड्याच वेळात उंच चिमण्या दिसायला लागतात, तेच आमचं गाव. गाव कसलं, औष्णिक वीजकेंद्र आणि त्याच्या आधाराने वाढलेली कॉलनी. १९६८ मध्ये इथला पहिला संच सुरू झाला आणि तेव्हापासून या कॉलनीत दर दुसऱ्या घरात वाफ, कोळसा आणि तापमान यांच्यावर पगार घेणारा माणूस राहतो. पोळी करपली तर इतर गावांत 'तवा तापला होता' एवढ्यावर विषय संपतो. आमच्याकडे नवरा चष्मा पुसत सांगतो, की हीट ट्रान्सफर युनिफॉर्म नव्हता. बायको त्याच्यापुढे तीच पोळी वाढते, हा भाग वेगळा.

त्यात मे महिना. पारा पंचेचाळीसच्या वर गेला की भुसावळचं नाव बातम्यांत येतं आणि पुण्या-मुंबईचे नातेवाईक फोन करतात. "आज तुमचा राज्यात पहिला नंबर दिसतोय," असं म्हणतात. मुलगा बोर्डात आल्यासारखे आपण 'हो, हो' म्हणतो.

अशा गावात, अशा महिन्यात, घरच्या घरी स्कॉटलंडचं शॉर्टब्रेड भाजण्याची कल्पना माझी असणं शक्य नाही. मी अकाउंट्सचा माणूस. कल्पना सुचणं हे आमच्या खात्यात दुर्गुण समजतात.

झालं असं की, घरातल्या लग्नाच्या निमित्ताने माझा भाचा एडिंबरोहून सहकुटुंब आला. विमानातून येणारा माणूस आणि चॉकलेट हे समीकरण आमच्या घरी पक्कं आहे. पण चॉकलेट भुसावळ स्टेशनावर उतरेपर्यंत पितळेच्या वाटीत ओतून द्यावं लागेल, हे भाच्याच्या बायकोने ओळखलं. ती पुण्याची. तिने शॉर्टब्रेडचे डबे आणले. लाल-काळ्या चौकड्यांच्या कापडाचं चित्र, त्यावर वॉकर्स हे नाव, आणि खाली १८९८. डबा इतका देखणा, की आतल्या बिस्किटांची वाटणी व्हायच्या आधीच रिकामा डबा कुणाचा, यावर माझी बायको आणि वरच्या मजल्यावरच्या वहिनी यांच्यात तह होऊन गेला.

माझी आई मूळची शिंदखेड्याकडची. तिने एक बिस्कीट उचललं, उलटंपालटं करून पाहिलं, अर्धं तोडून तोंडात टाकलं आणि निकाल दिला, "हाई तं नानकटाई शे."

भाचेसुनेने संयम ठेवला. "नाही आजी, हे शॉर्टब्रेड. यात फक्त तीन वस्तू असतात. साखर एक भाग, लोणी दोन भाग, मैदा तीन भाग. बाकी काही नाही."

"येलची?"

"नाही."

"बेसन? रवा? सोडा?"

"काहीच नाही."

आईने उरलेल्या अर्ध्याकडे कणवेने पाहिलं. "मंग त्यासना घरमा काईच नव्हतं का?"

इथेच थांबलं असतं तर बरं होतं. पण 'तीनच वस्तू' हे शब्द माझ्या बायकोच्या कानावर पडले होते. तीन वस्तूंचा पदार्थ आणि पाच मिनिटांचं काम, या दोन गोष्टींवर विश्वास ठेवून माणसांनी आपापली घरं उजाड केलेली आहेत. बायको म्हणाली, "आपण घरीच करू. ओव्हन आहेच."

ओव्हन होता. लॉकडाऊनमध्ये सगळ्या देशाने घेतला तेव्हा आम्हीही घेतला. त्यानंतर त्याचा उपयोग उंदीर न शिरणारं कपाट म्हणून होत होता. आतून बिबड्यांचे डबे, उडदाचे पापड, एक हरवलेली मानलेली किसणी आणि दिवाळीच्या लायटिंगची माळ निघाली. माळ निघाल्यावर "बघा, मी म्हटलं नव्हतं इथेच असेल?" असं घरातल्या तिघांनी म्हटलं.

मग लोणी. शॉर्टब्रेडला मीठ न घातलेलं बटर लागतं, आणि ते कडक थंड लागतं. कॉलनीतल्या दुकानात मीठ घातलेलं होतं. दुकानदार म्हणाला, "धुऊन घ्या." हा सल्ला त्याने इतक्या गंभीरपणे दिला, की मी क्षणभर किती पाण्यात, असं विचारणार होतो. शेवटी भुसावळला केकचं सामान विकणाऱ्या दुकानात बिनमिठाचं मिळालं. दुपारचे दोन वाजले होते. दुकानदाराने ते वर्तमानपत्रात गुंडाळलं, त्यावर प्लास्टिक, त्यावर ओला रुमाल, आणि मला म्हणाला, "कुठे थांबू नका." मी स्कूटर अशी हाकली, की हायवेवरच्या राखेच्या टँकरनेसुद्धा मला वाट दिली. घरी येऊन पुडकं उघडलं. कागदाचा आकार अजून चौकोनी होता, आतल्या मालाला मात्र आकाराचा मोह उरलेला नव्हता.

"फ्रीजमध्ये ठेवा," भाचेसून म्हणाली, "आणि मळताना हात गार हवेत. गरम हाताने लोणी वितळतं, मग बिस्कीट खुसखुशीत होत नाही. तिकडे काही बायकांचे हात मुळातच गार असतात, त्यांचं शॉर्टब्रेड हमखास चांगलं होतं."

मे महिन्यात खान्देशात गार हात ज्याचे असतील त्याला आम्ही आधी दवाखान्यात नेतो. पण नियम म्हणजे नियम. सगळ्यांचे हात तपासले गेले. हात लावून पाहणाऱ्याचाच हात गरम असल्याने निर्णय होईना. मुलाने सुचवलं, की माठात हात बुडवून मग मळावं. त्यावर आईने माठाभोवती जे कडं केलं, ते रात्रीपर्यंत सुटलं नाही.

एवढ्यात दार वाजलं. शेजारचे बॉयलरवाले साहेब होते.

कॉलनीत माणसाला आडनाव असतं, पण ते पगारपत्रकापुरतं. एरवी बॉयलरवाले, टर्बाइनवाले, सीएचपीवाले, म्हणजे कोळसा हाताळणीवाले, अशीच ओळख चालते. बॉयलरवाले साहेब दिवसभर ५४० अंशांच्या वाफेवर नजर ठेवतात. त्यांच्या अख्ख्या नोकरीत कुणी त्यांना १६० अंशांसाठी बोलावलं नव्हतं. आम्हीही बोलावलं नव्हतं. पण भिंतीपलीकडे ओव्हन सुरू होणार आणि आपण टीव्ही पाहत बसायचं, हे त्यांच्या रक्तात नाही.

"प्री-हीट किती वेळ?" त्यांनी चप्पल काढता काढता विचारलं.

"दहा मिनिटं," बायको म्हणाली.

"वहिनी, हा कोल्ड स्टार्ट आहे. किती महिने बंद होतं युनिट? तीन-चार वर्षं? मग घाई करून चालणार नाही. हळूहळू चढवायचं. मेटलला स्ट्रेस येतो."

त्यांनी खिशातून ती पिस्तुलासारखी दिसणारी तापमानाची गन काढली, ओव्हनच्या पोटात रोखली आणि चेहरा पाडला. बटण १६० वर होतं. मागच्या भिंतीला गन १९० दाखवत होती, दाराशी १४०.

"अहो, तुमचा फायरबॉल सेंटरला नाही," ते म्हणाले. 'तुमच्या मुलाचं लक्षण ठीक नाही' हे ज्या सुरात सांगतात, तोच सूर.

त्यांनी माझ्या मुलाला वही घेऊन बसवलं. दर पाच मिनिटांनी रीडिंग. मागे, पुढे, मध्ये. पहिल्या पानावर तारीख, शिफ्ट आणि 'युनिट : स्वयंपाकघर' असं लिहून झालं. मग ते पिठाकडे वळले.

"मैदा किती मेशचा?"

"चाळलेला आहे," बायको म्हणाली.

"चाळलेला म्हणजे? आमच्याकडे मिलमधून कोळसा निघतो त्यातला सत्तर टक्के २०० मेशच्या चाळणीतून गेलाच पाहिजे. नाही गेला तर नीट जळतच नाही."

"आम्हाला जाळायचा नाहीये, भावजी."

"प्रिन्सिपल तेच," असं म्हणून त्यांनी मैद्याची चिमूट दोन बोटांत चोळली आणि बरी आहे अशी मान हलवली.

बातमी पसरायला वेळ लागला नाही. टर्बाइनवाले आले. त्यांनी लाटणं हातात घेऊन डोळ्यासमोर आडवं धरलं, फिरवलं आणि ते ट्रू नसल्याचं जाहीर केलं. सीएचपीवाले आले. त्यांना या सगळ्यात कामच नव्हतं म्हणून ते हिरमुसून कोपऱ्यात बसले होते. पण भाचा बोलता बोलता म्हणाला, की स्कॉटलंडमध्ये ३१ डिसेंबरच्या रात्री बारा वाजून गेले की घराचा उंबरठा पहिला कोण ओलांडतो, याला फार महत्त्व असतं. उंच, काळ्या केसांचा पुरुष आला तर वर्ष चांगलं जातं, आणि त्याने हातात शॉर्टब्रेड आणि कोळशाचा तुकडा आणावा.

"कोळसा?" सीएचपीवाले उभेच राहिले.

"हो. घर वर्षभर उबदार राहावं म्हणून."

"कोणत्या ग्रेडचा?"

भाच्याला ग्रेड माहीत नव्हती. एवढी महत्त्वाची गोष्ट न विचारता माणूस तिकडे इतकी वर्षं कसा राहिला, याचं सीएचपीवाल्यांना नवल वाटलं. काळे केस तर माझेही आहेत. महिन्याच्या पहिल्या रविवारी तर फारच काळे असतात. उंचीवर मात्र बायकोने खोकून दाखवलं.

तरी भाचेसुनेने धीर सोडला नाही. तिने गोळा तयार केला, पाण्याचा थेंब न घालता, नुसत्या लोण्यात. बोटभर लांबीच्या पट्ट्या कापल्या, त्यांवर काट्याने टोचे मारले. "वाफ निघायला," तिने सांगितलं. बॉयलरवाल्यांनी पहिल्यांदाच तिच्याकडे आदराने पाहिलं. "प्रेशर रिलीफ," ते पुटपुटले. ट्रे आत गेला.

त्याच वेळी कूलर चालू होता, फ्रीज चालू होता, ओव्हन पूर्ण भारावर होता आणि वरच्या मजल्यावरच्या वहिनींनी "पिठीसाखर अजून बारीक करू का?" असं म्हणून मिक्सर लावला. खट्. अंधार.

हाकेच्या अंतरावर ५०० मेगावॅटचे दोन संच, आणि आमच्या स्वयंपाकघरात मोबाइलच्या उजेडात तीन इंजिनिअर. मला वाटलं होतं, कुणीतरी उठून खटका वर करेल. पण असं कारण न शोधता युनिट पुन्हा सुरू करत नसतात. ट्रिप कशाने झालं, आधी कूलरचा भार वाढला की मिक्सरचा, वायरिंगची क्षमता किती, याची रीतसर चौकशी बसली. टर्बाइनवाल्यांचा संशय फ्रीजवर होता. मिक्सरचं नाव कुणी घेईना, कारण वहिनी तिथेच उभ्या होत्या आणि त्यांचे यजमान टर्बाइनवाल्यांचे वरिष्ठ. अहवाल तयार होत असताना वहिनीच पॅसेजमध्ये गेल्या, खटका वर केला आणि परत येऊन मिक्सर लावला.

पहिला ट्रे बाहेर आला तेव्हा पट्ट्या नव्हत्या. लोणी मधल्या काळात सुटून वाहिलं होतं आणि सगळ्यांनी एकमेकांना मिठी मारली होती. मागची बाजू काळी, पुढची कच्ची, मधे एक पट्टा बरा. बॉयलरवाल्यांनी उलथण्याने टोक उचलून पाहिलं.

"क्लिंकर," ते म्हणाले.

बॉयलरमध्ये राख वितळून तिचा दगड होतो त्याला क्लिंकर म्हणतात. आमच्या घरात हा शब्द आता पुढच्या पिढीकडे जाणार, हे मुलाच्या चेहऱ्यावर दिसत होतं.

आई एवढा वेळ माठापाशी बसून बघत होती. आता ती उठली, नळाखाली बोटं ओली केली आणि तापलेल्या ओव्हनच्या पत्र्यावर पाण्याचे दोन थेंब शिंपडले. थेंब कसे नाचतात ते पाहिलं, कान देऊन ऐकलं आणि म्हणाली, "मांगे लई तपेल शे." मागे फार तापलंय. तापमानाच्या गनने वीस मिनिटांत सांगितलं ते हेच. आईचा हा प्रांत जुना आहे. अक्षय्य तृतीयेला ती चुलीवर पालथं खापर ठेवून पुरणाचे मांडे करते. पुरण भरलेला उंडा हातावर झेलत झेलत कोपरापर्यंत पसरवते आणि हवेतूनच खापरावर टाकते. चुलीला बटण नाही, खापराला काटा नाही. थेंब टाकायचा आणि ऐकायचं. एकदा एका साहेबांनी उत्सुकतेने तिला विचारलं होतं, "आजी, खापराचं तापमान किती असतं?" ती म्हणाली, "मांड्याइतलं."

त्यानंतर तिने एक व्यवहार्य सूचनाही केली. ट्रे गच्चीवर ठेवून द्यावा. उद्या दुपारपर्यंत आपोआप भाजून होईल, वीजही वाचेल. बॉयलरवाल्यांनी यावर मनातल्या मनात हिशोब केलेला मी पाहिला.

इथून पुढे घसरण सुरू झाली. आतापर्यंत तीन वस्तूंचा नियम सगळ्यांनी पाळला होता, कारण पदार्थ यशस्वी होईल अशी आशा होती. अपयश दिसल्याबरोबर सुधारणा सुरू झाल्या. वहिनी म्हणाल्या, मूठभर रवा टाका, कुरकुरीत होतं. त्यात गंमत अशी, की स्कॉटलंडमधल्या आज्यासुद्धा रवा किंवा तांदळाचं पीठ टाकतात, आणि ते भाचेसुनेला कबूल करावं लागलं. धरणाला पहिली चीर तिथे गेली. मग लग्नाला आलेल्या काकूंचं बेसन आलं, खमंगपणासाठी. बायकोने जायफळ किसायला घेतलं. मुलगा चॉकलेटचे तुकडे म्हणत होता, त्याला सगळ्यांनी मिळून गप्प केलं. परंपरा म्हणून काही आहे की नाही!

भाचेसून पातेल्यावर दोन्ही हात ठेवून उभी राहिली. "अहो, पण मूळ पदार्थ तसा नाही! फार तर स्कॉटलंडची मेरी राणी शहाजिरं घालून खायची, असं सांगतात."

हे तिने सांगायला नको होतं.

"शहाजिरं?" आई म्हणाली.

"सोळाव्या शतकात, आजी."

"रानीनं शहाजिरं टाकेल चालस, आनि मनी येलची चालत नही?"

यावर पुण्याकडेही उत्तर नव्हतं. सुनेने विषय बदलण्यासाठी सांगितलं, की शेटलंड बेटांवर नवी नवरी सासरच्या उंबरठ्यावर आली की तिच्या डोक्यावर शॉर्टब्रेड फोडतात. लग्नघर असल्याने सगळ्यांनी कान टवकारले. आईने शांतपणे एवढंच विचारलं, "मंग खातस कोन?" काकूंना मात्र ही प्रथा मनापासून आवडली. त्यांच्या धाकट्या सुनेकडे त्यांनी एकदा पाहूनही घेतलं.

शेवटी तोडगा आईनेच काढला. बेकरीवर द्या. खान्देशात याहून मोठं न्यायालय नाही. दिवाळीच्या आधी आणि उन्हाळ्याच्या सुट्टीत, पोरंबाळं घरी आली की, पीठ, साखर आणि डालडा किंवा तूप घरून घेऊन जायचं, बेकरीवाल्याच्या भट्टीत नानकटाई आणि बिस्किटं पाडून घ्यायची आणि किलोप्रमाणे मजुरी द्यायची. पत्र्याचे मोठे डबे त्यासाठीच घरात असतात. ओव्हन भले कपाट म्हणून वापरा, डब्यात दुसरं काही ठेवलेलं आईला चालत नाही.

आणि आईचं पहिलं वाक्य अगदीच चूक होतं असंही नाही. शॉर्टब्रेडचा जन्म पावाच्या उरलेल्या पिठाचा, दुसऱ्यांदा भट्टीत घालून वाळवलेल्या तुकड्यांचा, असं सांगतात. पुढे यीस्ट गेलं आणि लोणी आलं. नानकटाईची कथा सुरतेची. डच लोकांची तिथली बेकरी त्यांच्या माघारी फरामजी पेस्तनजी दोतीवाला या पारशाकडे आली, पाव खपेना, वाळलेला पाव मात्र लोकांना आवडला, आणि त्या वाटेवर कुठेतरी नानकटाई झाली, असं सुरतेत सांगतात. म्हणजे दोन्हीकडे मूळ तेच : शिळं वाया घालवायचं नाही. आमच्या हतनूर धरणाचं तापीचं पाणी खाली सुरतेला जातं, आणि सुरतेहून नानकटाई उलटी वर भुसावळच्या भट्ट्यांत आली. हे मी सगळ्यांना सांगितलं. कुणी ऐकलं नाही. पिशव्या भरणं चाललं होतं.

भुसावळच्या त्या बेकरीत सकाळी सातला रांग होती. वीसेक बायका, प्रत्येकीच्या पायाशी पिठाची पिशवी आणि डबा, आणि प्रत्येकीची नजर स्वतःच्या तुपावर. भट्टीवर द्यायला येतात ते काही नुसतं द्यायला येत नाहीत, राखायला येतात. आपलं तूप चाचा दुसरीच्या पिठात घालतील, हा संशय प्रत्येकीला असतो; दुसरीचं आपल्या पिठात आलं तर, ही शक्यता मात्र कुणी बोलून दाखवत नाही. आमच्या पुढे साकेगावच्या एक बाई होत्या. त्यांनी घरचं साजूक तूप आणलं होतं आणि वेलदोड्याची पूड कनवटीला लावून ठेवली होती. ती चाचांच्या हातात न देता स्वतः परातीत टाकली आणि पूड सगळी उतरली की नाही, हे पुडी उलटी करून सिद्ध केलं.

आमची पाळी आली. चाचांनी बर्फाच्या डब्यातून निघालेलं बिनमिठाचं बटर पाहिलं.

"वेलदोडा?"

"नाही घालायचा," भाचेसून म्हणाली.

"घरी भूल गये क्या? मी देतो ना, बेटा."

"नको, चाचा. तसंच असतं."

"मीठ? सोडा? बेसन?"

"काही नाही."

चाचांनी माझ्याकडे पाहिलं. "साहेब, सब खैरियत आहे ना?"

तिने लांब पट्ट्या कापायला सांगितल्या. चाचांच्या पोराने मान हलवली, आणि त्याच्या हातांनी इतकी वर्षं जे केलं होतं तेच केलं. गोळा तोडायचा, तळव्यात एकदा फिरवायचा, पत्र्यावर दाबायचा, मधे अंगठा. ती 'लांब, लांब' म्हणेपर्यंत अख्खा पत्रा गोल बिस्किटांनी भरला होता. त्याचे हात मळकट होते आणि माझ्या मते गरमही, पण लोणी वितळायला त्यांनी वेळच दिला नाही. लांब दांड्याच्या लाकडी फावड्यावर चढून पत्रे भट्टीत गेले. गन नाही, वही नाही. चाचा बिडी शिलगावून बाजूला बसले आणि अर्धी झाल्यावर, कुणी न सांगता, उठले.

प्रत्येक पत्र्यावर नावाची चिठ्ठी असते. आमची चिठ्ठी भाचेसुनेने जेल पेनने इंग्रजीत लिहिली होती. ती लोण्यात भिजून पारदर्शक झाली. भट्टीतून एकाच वेळी तीन-चार पत्रे बाहेर आले, सगळे गोल, सगळे फिकट सोनेरी, आणि पोराने गर्दीत हाताला आले तसे डबे भरले. आम्ही आपला डबा घेतला. साकेगावच्या बाईंनी आपला घेतला.

संध्याकाळी कॉलनीत डबा उघडला. शांतता पसरली, ती खाणाऱ्यांची. भाचेसुनेने डोळे मिटून एक तुकडा जिभेवर विरघळू दिला. "हेच," ती म्हणाली, "अगदी एडिंबरोची चव. बघा आजी, लोण्याशिवाय काही नाही, तरी कसा वास येतो!" आई काहीच बोलली नाही. तिच्या दाताखाली वेलदोड्याचा दाणा आला होता. तिने तो हळूच चावला आणि दुसरं बिस्कीट उचललं. बॉयलरवाल्यांनी सगळ्यांना समजावून सांगितलं, की लाकडाच्या भट्टीत फायरबॉल सेंटरला राहतो, आणि ते पहिल्या दिवसापासून हेच सांगत होते.

पाहुणे परत गेले. जाताना सुनेने त्यातली अर्धी बिस्किटं त्याच लाल-काळ्या चौकड्यांच्या डब्यात भरून एडिंबरोला नेली, तिथल्या शेजाऱ्यांना दाखवायला. वरच्या मजल्यावरच्या वहिनींचा तह त्यामुळे मोडला.

पुढे कामाने भुसावळला गेलो तेव्हा चाचांनी रस्त्यातच हाक मारली. "साहेब, ती साकेगाववाली आली होती."

माझ्या पोटात गोळा आला. "भांडायला?"

"नाही हो. हळू आवाजात विचारत होती, त्या दीपनगरवाल्यांची पुढची पाळी कधी. म्हणे, मी पण त्याच दिवशी येते."

घरी येऊन मी हे बायकोला सांगितलं. ती पापड मोजत होती. हात न थांबवता म्हणाली, "मग तारीख सांगितलीत का तिला?"